माईकच्या आधी मैदान : वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात मी माझा प्रवास थोडक्यात सांगितला होता, पेपरातलं क्रीडा पान, मग रेडिओ आणि मैदानावरची कॉमेंट्री, आणि आता नाशिकला गंगापूर रोडच्या घरातल्या एका खोलीतून पॉडकास्ट. त्यावर इतके मेल आणि व्हॉट्सॲप मेसेज आले की संपादक म्हणाले या वेळचं सगळं सदर त्यालाच देऊन टाका. सगळ्यांना उत्तर देणं जमणार नाही, पण जे प्रश्न पुन्हा पुन्हा आले ते घेतोय. नावं मुद्दाम टाकलेली नाहीत.

मी सिन्नरची, टी.वाय.बी.ए.ला आहे. मला स्पोर्ट्स पॉडकास्टर व्हायचंय. सगळे म्हणतात पेपर आता कोण वाचतं, डायरेक्ट चॅनल काढ. तुमची पेपरमधली वर्षं खरंच उपयोगी पडली की वाया गेली?

वाया अजिबात नाही गेली, आज मी जे काही बोलतो ते त्याच वर्षांच्या जिवावर बोलतो. मी लागलो तेव्हा माझं काम काय होतं, तर संध्याकाळी सहा ते आठ फोनजवळ बसून शालेय स्पर्धांचे निकाल उतरवून घ्यायचे. 17 वर्षांखालील मुली, खो-खो, अमुक शाळा एक डाव आणि 3 गुणांनी विजयी, उत्कृष्ट खेळाडू तमुक. एवढंच. सुरुवातीला मला ते फार कंटाळवाणं वाटायचं. पण एकदा एका मुलीचं आडनाव चुकलं आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तिचे पीटीचे सर आणि वडील दोघं ऑफिसात हजर. भांडायला नाही आले ते. वडील एवढंच म्हणाले की साहेब, हे कात्रण आम्ही फ्रेम करणार होतो. त्या दिवशी मला कळलं की आपल्याला जी एक ओळ वाटते ती कुणाच्या तरी घरात वीस वर्षं भिंतीवर राहणार असते. तेव्हापासून नाव दोनदा विचारल्याशिवाय मी लिहीत नाही आणि आता माईकसमोर बसल्यावरही विचारल्याशिवाय उच्चारत नाही.

बातमी लिहिल्यामुळे आणखी एक होतं, माणसं कळतात. कोणाला कधी फोन करायचा, हरलेल्या खेळाडूला किती वेळ एकटं सोडायचं, कोच खरं बोलतोय की असोसिएशनची बाजू सांभाळतोय, हे कोणत्याही कोर्समध्ये शिकवत नाहीत, मैदानाच्या कडेला उभं राहूनच समजतं. पॉडकास्टवर तू एखाद्या खेळाडूशी तासभर बोलणार म्हणजे त्याच्यावर आधी बरेच तास घालवलेले पाहिजेत, नाहीतर तेच प्रश्न येतात, कसं वाटतंय, प्रेरणा कोण, तरुणांना काय संदेश द्याल.

क्रिकेट कॉमेंट्रीतलं फार मोठं नाव म्हणजे रिची बेनो. ऑस्ट्रेलियाचा कॅप्टन म्हणून सगळे ओळखतात, पण तो खेळत असतानाच सिडनीच्या एका पेपरात गुन्हेगारीच्या बातम्या करायचा, पोलीस स्टेशनच्या चकरा मारायचा. 1956 चा इंग्लंड दौरा संपल्यावर मागे थांबून त्याने बीबीसीचं ट्रेनिंग घेतलं. म्हणजे इतका मोठा खेळाडू असून बातमीदारीही शिकला आणि माईकही शिकला. दुसरीकडे आपले हर्षा भोगले आहेत, ते 19 व्या वर्षीच हैदराबाद आकाशवाणीवर बोलायला लागले, केमिकल इंजिनिअरिंग शिकत असताना. त्यामुळे डायरेक्ट माईक धरायचाच नाही असं मी म्हणणार नाही. पण तेही सोबत सतत लिहीत राहिले हे लक्षात घे.

आणि तू सिन्नरची आहेस ना, मग माया सोनवणे तुमच्याच गावची. 2022 च्या महिला टी-ट्वेंटी चॅलेंजमध्ये तिची लेगस्पिन बघून सगळे थक्क झाले होते, ती ॲक्शन अशी की चेंडू सोडताना बॅट्समनकडे बघतच नाही, लोकांना दक्षिण आफ्रिकेचा पॉल ॲडम्स आठवला. ही मुलगी पहिल्यांदा कुठल्या मैदानावर खेळली, तिच्यासोबत तेव्हा कोण मुली होत्या, त्या आज काय करतात? मुंबईचा कुठलाही पॉडकास्टर हे तुझ्याइतक्या सहज शोधू शकणार नाही. तुला एसटीने रोज नाशिकला यावं लागतं पण ही गोष्ट तुझ्या घराच्या मागे आहे.

कोर्सचं म्हणशील तर एचपीटी कॉलेजला पत्रकारितेचा विभाग आहे, मुक्त विद्यापीठातूनही करता येतो, काम करत करत शिकायचं असेल तर ते बरं पडतं. कर, चांगलंच आहे. पण पहिल्या वर्षापासून कोणत्यातरी पेपरला किंवा साप्ताहिकाला नियमित बातमी देत राहा, पैसे जवळपास नसतात हे आधीच सांगतो, सवय लागते हा फायदा.

मी निफाड तालुक्यातून 12 वर्षं एका दैनिकाला बातम्या देतो. परवा गावच्या कबड्डी स्पर्धेत माझ्या हातात माईक दिला आणि पाच मिनिटांत माझे शब्द संपले. लिहिताना असं कधीच होत नाही. काय चुकतंय?

दादा, तुमचं चुकत काही नाही, दोन्ही कामं उलट्या दिशेची आहेत. बातमी लिहायला बसतो तेव्हा आपल्याला निकाल माहीत असतो, पहिल्याच वाक्यात कोण जिंकलं ते टाकून मोकळे होतो आणि मग मागे वळून सांगतो. माईकवर वाक्य सुरू करताना त्याचा शेवट काय होणार ते आपल्यालाच माहीत नसतं. त्यात आपल्या मराठीत क्रियापद शेवटी येतं. 'उजव्या कोपऱ्यातून बोनस घेऊन परत फिरणाऱ्या चढाईपटूला डाव्या कोपरारक्षकाने मागून येऊन' इथपर्यंत तुम्ही पोचता तोवर तिकडे पकड होऊन, पंचांची शिट्टी होऊन, लोक उभे राहून ओरडायला लागलेले असतात आणि तुमचं 'पकडलं' अजून यायचंय. म्हणून वाक्यच मोडायचं. तुकड्यांनी बोलायचं. 'आत गेला. बोनस घेतला. परत फिरतोय, कोपरा आला अंगावर, धरला, धरला घोटा!' छापून आलं तर हे अर्धवट वाटेल, ऐकायला पूर्ण असतं. जुने रेडिओवाले असंच बोलायचे, आणि मला हे समजायला दोन वर्षं लागली कारण बारा तास डेस्कवर बसून वाक्य नीट पूर्ण करायची सवय हाडात गेली होती.

दुसरी गोष्ट, तुम्ही कुणासाठी बोलताय ते आधी ठरवा. रेडिओवर ऐकणाऱ्याला काहीच दिसत नाही, त्याला ऊन कुठून येतंय, गर्दी किती आहे, कॅप्टनने हात कमरेवर ठेवलाय का, सगळं द्यावं लागतं आणि स्कोअर सारखा सारखा सांगावा लागतो. अमेरिकेत रेड बार्बर नावाचा बेसबॉलचा नामांकित रेडिओ कॉमेंटेटर होता, तो समोर तीन मिनिटांचं वाळूचं घड्याळ ठेवायचा, वाळू संपली की स्कोअर सांगायचा आणि घड्याळ उलटं करायचा. आपल्याला वाटतं आत्ताच तर सांगितला, पण रेडिओ कुणीतरी आत्ताच लावलेला असतो, रिक्षात बसलेला असतो, दुकानात गिऱ्हाईक करता करता ऐकत असतो. मी आता मोबाईलवर तसा टायमर लावतो, आवाज बंद करून नुसता थरथरणारा.

टीव्हीवर याच्या बरोबर उलट, तिथे लोकांना दिसतंच आहे. बेनोचा तर नियमच होता की चित्रात जे दिसतंय त्यात भर घालता येत असेल तरच बोला. आणि तुमची गावची स्पर्धा हा तिसराच प्रकार, लोक समोर बसलेत, खेळ त्यांना तुमच्याइतकाच दिसतोय. त्यांना चढाई सांगायची गरज नाही, माणूस सांगायचा. ही कला कुस्तीच्या निवेदकांकडून शिका. शंकर पुजारींसारख्या निवेदकांना ऐका, पैलवान आखाड्यात आला की त्याचं गाव, तालीम, वस्ताद, आधी कुणाशी लढला, सगळं तोंडपाठ, आणि कुस्ती लागली की बरोबर कुठे गप्प बसायचं तेही माहीत. मैदानावर जायच्या आधी प्रत्येक टीमच्या कॅप्टनकडे जाऊन बसा, बाराच्या बारा पोरांची नावं, नंबर, गाव, कामधंदा एका पानावर उतरवून घ्या. कुणी द्राक्षबागेत फवारणी करून आलेला असतो, कुणी पोलीस भरतीची तयारी करतोय. एवढं कागदावर असेल तर पाच मिनिटांत शब्द संपत नाहीत, उलट वेळ पुरत नाही. 12 वर्षं त्याच तालुक्यात बातम्या केल्यात तुम्ही, निम्म्या पोरांचे बाप तुम्हाला माहीत असतील.

शब्दांचं काय वापरायचं हेही बऱ्याच जणांनी विचारलंय. बाळ ज. पंडितांनी क्रिकेटचं धावतं समालोचन मराठीत केलं तेव्हा इंग्रजी शब्दांसाठी मराठी शब्द शोधून ते लोकांच्या तोंडी बसवले, ते स्वतः महाराष्ट्राकडून रणजी खेळलेले होते म्हणून त्यांचे शब्द खेळातून आलेले वाटायचे. मी 'यष्टिरक्षक' म्हणतो आणि घाईत 'कीपर'सुद्धा म्हणतो. प्रो कबड्डी 2014 ला सुरू झाली तेव्हापासून पोरं 'रेडर' आणि 'टॅकल'च म्हणतात, त्यांना 'चढाईपटू' ऐकवा पण 'रेडर' म्हणायची लाज बाळगू नका. फक्त 'लोण'ला, म्हणजे समोरची अख्खी टीम बाद होते त्याला, हात लावू नका, तो शब्द आपला आहे आणि त्याच्याइतका नेमका दुसरा नाही.

एक चूक सांगतो माझी. पहिल्या वर्षी एका क्रिकेट स्पर्धेत दोन भाऊ एकाच टीममध्ये होते, मी यादीत फक्त आडनाव लिहिलेलं. मोठा आऊट होऊन गेला आणि मी धाकट्याच्या तीन ओव्हर त्याच्या भावाच्या नावाने सांगितल्या. त्याने त्या दिवशी अर्धशतक केलं होतं, त्याच्या आयुष्यातलं पहिलं, आणि मंडपाच्या लाऊडस्पीकरवर ते भावाच्या नावावर गेलं. मी नंतर जाऊन माफी मागितली, तो हसला, पण मला अजून ते टोचतं.

सरावाचं विचाराल तर रोज वीस मिनिटं कुठलीही मॅच म्यूट करून लावा आणि मोबाईलवर स्वतःची कॉमेंट्री रेकॉर्ड करा. दुसऱ्या दिवशी ऐका, त्याच दिवशी नाही. किती वेळा 'आणि या ठिकाणी' म्हणालात ते मोजा.

पॉडकास्टसाठी कोणता माईक घ्यावा? बजेट कमी आहे. घर सिडकोत, रस्त्यालगत.

रस्त्यालगत घर असेल तर डायनॅमिक प्रकारचा माईक बघा, कंडेन्सर माईक लांबचे हॉर्न आणि शेजारचा मिक्सरही ओढून घेतो. माईक तोंडापासून साधारण वीतभर, थोडा तिरका, म्हणजे 'प', 'फ', 'भ' म्हणताना फुंकर बसत नाही. खोलीत आवाज घुमत असेल तर महागडे फोम नकोत, दारामागे आणि समोरच्या भिंतीवर गोधड्या टांगा, कपड्यांचं उघडं कपाट पाठीशी असेल तर फारच उत्तम. मी पहिले तीस भाग आजीच्या दोन गोधड्यांमध्ये केलेत. एडिटिंगला ऑडॅसिटी फुकट मिळतं आणि पुरतं. मैदानावर जाताना वाऱ्यासाठी केसाळ कव्हर लागतं तेवढं घ्या. आणि रेकॉर्डिंगच्या आधी फोनची मेमरी बघा. एका धावपटूची चाळीस मिनिटांची मुलाखत माझ्या फोनमध्ये जागा नसल्यामुळे अकराव्या मिनिटाला थांबली होती आणि मला कळलंच नाही, तिने वडिलांबद्दल जे सांगितलं ते पुन्हा सांगायला ती तयार झाली नाही आणि मी आग्रहही केला नाही.

माझ्या मुलीला स्पोर्ट्स अँकर, कॉमेंटेटर व्हायचंय. आम्ही इंदिरानगरला राहतो. यात पोट भरतं का? आणि मुलींसाठी हे क्षेत्र कसं आहे? आई म्हणून विचारतेय.

ताई, पैशाचं आधी आणि स्पष्ट सांगतो. पहिली चार पाच वर्षं फक्त यावर घर चालेल असं धरू नका. कॉमेंट्रीचे पैसे मॅचवर किंवा दिवसावर मिळतात, सीझन असतो तेव्हा महिना भरून काम आणि पावसाळ्यात हात रिकामे. आकाशवाणीवर नैमित्तिक निवेदक म्हणून ऑडिशन देऊन काम मिळतं, त्याचं मानधन थोडं असतं पण उच्चार आणि शिस्त तिथे लागते तशी कुठे लागत नाही. नाशिकला रेडिओ विश्वाससारखं कम्युनिटी रेडिओ स्टेशन आहे, मुलीला तिथे जाऊन बघू दे. मी स्वतः भाषांतराची कामं, शाळांच्या स्पर्धांचं सूत्रसंचालन, असं करत करत तरलो. आमच्या पेपराने लॉकडाऊनमध्ये क्रीडा पान बंद केलं तेव्हा तीन महिने पगार थकला होता, त्या काळात हीच बाजूची कामं उपयोगी आली. त्यामुळे मुलीच्या हाताला दुसरं एखादं काम असू द्या, म्हणजे या कामात तिला लाचार व्हावं लागणार नाही.

मोठ्या स्पर्धांमध्ये मराठीला आता जागा झालीय हे मात्र खरं. 2023 च्या आयपीएलला जिओ सिनेमावर मराठी कॉमेंट्री होती आणि तिथे बोलणारा केदार जाधव स्पर्धा चालू असतानाच बंगळुरूच्या टीममध्ये गेला, दुसऱ्याच्या जागी खेळाडू म्हणून! यातून एक लक्षात घ्या, तज्ज्ञाची खुर्ची बहुतेक वेळा माजी खेळाडूला जाते. पत्रकारितेतून आलेल्या माणसाला संधी असते ती सूत्र सांभाळायची, खेळाडूला बरोबर प्रश्न विचारून त्याच्या पोटातलं बाहेर काढायची. तुमच्या मुलीने ती तयारी करावी.

मुलींचं म्हणाल तर वाट आधीच पाडून ठेवलेली आहे. भारताचे पहिले कसोटी कॅप्टन सी. के. नायडू यांच्या कन्या चंद्रा नायडू यांनी 1977 ला इंदूरला मुंबई आणि पाहुण्या एमसीसी म्हणजे इंग्लंडच्या संघाच्या मॅचची आकाशवाणीवर कॉमेंट्री केली, भारतातल्या पहिल्या महिला क्रिकेट कॉमेंटेटर त्या. शारदा उग्रा 1989 ला मुंबईत मिड-डे मध्ये क्रीडा पत्रकार म्हणून लागल्या आणि पुढे देशातल्या सर्वांत आदराने वाचल्या जाणाऱ्या क्रीडा लेखकांपैकी एक झाल्या.

अडचणी मात्र अजून आहेत आणि त्या मुलीने काय करावं अशा नाहीत, आयोजकांनी काय करावं अशा आहेत. तालुक्याच्या मैदानावर बायकांसाठी स्वच्छ टॉयलेट नसतं. आमच्याबरोबरची एक मुलगी वार्ताहर दिवसभर पाणी प्यायची नाही, मेच्या उन्हात, फक्त या एका कारणाने, आणि आम्हा पुरुषांच्या हे दोन सीझन लक्षातच आलं नाही. याचा मला आजही राग येतो. रात्रीच्या मॅचनंतर घरी सोडायची गाडी आहे का, जेवायची सोय काय, सोबत आणखी एखादी महिला आहे का, हे काम स्वीकारतानाच विचारायला शिकवा. विचारलं म्हणून काम गेलं तर ते काम जाऊ द्यावं. आणि तुम्ही दोघी मिळून एकदा महिलांची मॅच बघायला जा, पुढच्या वेळी ती तुमच्यासाठी काय सांगते ते ऐका, मला वाटतं तुमचं उत्तर तुम्हाला तिथे माझ्यापेक्षा चांगलं मिळेल.

मॅचच्या क्लिप्स टाकून त्यावर बोललं तर चालतं का?

नाही. प्रक्षेपणाचे हक्क विकत घेतलेले असतात, आयपीएलचे 2023 ते 2027 चे हक्क 48,390 कोटींना गेलेत, तेवढे पैसे मोजणारे लोक तुमची तीस सेकंदांची क्लिपसुद्धा सोडत नाहीत. यूट्यूबवर 90 दिवसांत तीन कॉपीराइट स्ट्राइक आल्या की अख्खं चॅनल जातं. बोला, लिहा, स्वतः काढलेले फोटो वापरा, वहीवर फिल्डिंगचं चित्र काढून दाखवा. क्रिकेट पत्रकार सुनंदन लेले बघा, मैदानाबाहेर उभे राहून कॅमेऱ्याशी बोलतात आणि लोक ऐकतात कारण माणूस तिथे आहे हे कळतं.

मी नाशिकरोडच्या प्रेसमधून रिटायर झालो, वय 68. 1970 च्या दशकापासून गोल्फ क्लबवरच्या क्रिकेट मॅचचे स्कोअर वह्यांमध्ये लिहून ठेवलेत. नातू म्हणतो पॉडकास्ट करा. हे नक्की काय असतं आणि माझ्यासारख्याचं कोण ऐकणार?

काका, तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. पॉडकास्ट म्हणजे रेडिओचा कार्यक्रमच, फक्त ऐकणारा त्याच्या वेळेला ऐकतो. हा शब्दही तसा तरुण आहे, 2004 ला इंग्लंडच्या गार्डियन पेपरात एका पत्रकाराने आयपॉड आणि ब्रॉडकास्ट जोडून तो लिहिला.

आणि कोण ऐकणार विचारताय? मी ऐकणार, पहिला. आपल्या नाशिकच्या क्रिकेटचा असा इतिहास आहे कुठे? 2025 च्या जानेवारीत महाराष्ट्र आणि बडोद्याची रणजी मॅच तुमच्या त्याच गोल्फ क्लबवर, म्हणजे अनंत कान्हेरे मैदानावर झाली, महाराष्ट्राने 439 धावांनी जिंकली, ते सगळं इंटरनेटवर आहे. पण त्याच मैदानावर 1978 ला मॅटिंगच्या विकेटवर कोण पाच विकेट घेऊन सायकलवर घरी गेला ते फक्त तुमच्या वहीत असेल.

बॉबी तल्यारखान हे आपल्या देशातल्या क्रिकेट कॉमेंट्रीच्या सुरुवातीचं नाव. दिवसभर एकटे बोलायचे, माईक दुसऱ्या कुणाला द्यायला तयार नसायचे, आणि आकाशवाणीने जोडीला आणखी लोक बसवले तेव्हा त्यांनी ते काम सोडलं. ते पेपरात सदरही लिहायचे. आणि वि. वि. करमरकर तर मूळचे आपल्या नाशिकचे, महाराष्ट्र टाइम्समध्ये त्यांनी क्रीडा पानाला जी प्रतिष्ठा मिळवून दिली त्यावर आमच्यासारख्यांच्या दोन पिढ्या उभ्या राहिल्या. कबड्डी, खो-खो, कुस्तीची बातमी क्रिकेटइतक्याच गांभीर्याने लिहायची असते हे मी त्यांचं लिखाण वाचून शिकलो. ते 2023 च्या मार्चमध्ये गेले. त्यांच्याकडे किती आठवणी असतील ज्या कुणी रेकॉर्ड करून ठेवल्या नाहीत, हा विचार आला की मला अस्वस्थ होतं, आणि म्हणून तुम्हाला घाई करतोय.

असं करा, एका भागाला एक वही. एकच मॅच घ्या, नातवाला समोर बसवा आणि त्याला समजेल असं सांगा, पंधरा मिनिटं. पानं उलटल्याचा आवाज येऊ द्या, तो काढून टाकू नका. आणि त्या वह्यांचे आधी मोबाईलवर फोटो काढून ठेवा, आजच, वाळवी आणि पाऊस थांबत नाहीत.

दोन वर्षं स्थानिक खेळांवर मराठी पॉडकास्ट करतोय, दर आठवड्याला. 140 लोक ऐकतात. नोकरी सांभाळून रविवार सगळा यात जातो, बायको काही बोलत नाही पण मला दिसतं. बंद करू का? (चांदवडहून)

हा प्रश्न मी शेवटी ठेवला कारण याचं उत्तर मला स्वतःलाही द्यावं लागलंय.

मोठी उदाहरणं देऊन मी तुम्हाला फुगवणार नाही. अमेरिकेत बिल सिमन्स आहे, बोस्टनच्या एका वेबसाईटवर 1997 पासून खेळांबद्दल लिहायचा तेव्हा पोटासाठी बारमध्ये काम करायचा, मग ईएसपीएनमध्ये लेखक, 2007 ला पॉडकास्ट, 2015 ला तिथून बाहेर, 2016 ला स्वतःची कंपनी आणि 2020 ला ती स्पॉटिफायने जवळपास 20 कोटी डॉलरला घेतली. ऐकायला छान आहे. पण तो इंग्रजीत, अमेरिकेच्या बाजारात. त्याच्यातून आपल्या कामाचं एकच, की पॉडकास्ट सुरू करायच्या आधी तो दहा वर्षं लिहीत होता, आणि चाहता म्हणून लिहीत होता.

जवळचं उदाहरण विदित गुजराथीचं. आपल्या नाशिकचा ग्रँडमास्टर, लॉकडाऊनमध्ये त्याने यूट्यूबवर बुद्धिबळ खेळत गप्पा मारल्या आणि ज्यांना उंटाची चाल माहीत नव्हती ती पोरंही रात्री जागून बघायला लागली. तो तेव्हाही वर्ल्ड क्लास खेळाडू होता, पुढे 2024 ला कँडिडेट्स, म्हणजे जगज्जेत्याला आव्हान देणारा ठरवणारी स्पर्धा खेळला, बुडापेस्टला ऑलिंपियाडचं सोनं जिंकणाऱ्या टीममध्ये होता. लोकांना खेळ कळत नसला तरी माणूस आवडला की ते थांबतात, हे त्याने दाखवलं.

आता तुमचं. मी तुमचे सहा भाग ऐकले. खरं सांगू का, त्यातले चार भाग आयपीएल आणि भारताच्या मॅचवर आहेत, आणि ते बोलायला शंभर चॅनल आहेत. पण कबड्डीच्या पंचांवरचा जो भाग आहे, ते काका सांगतात की लोकल फायनलला गर्दी अंगावर आली तेव्हा शिक्षकांच्या खोलीत कडी लावून बसावं लागलं, तो मी दोनदा ऐकला. तसा भाग दुसरं कुणी करू शकत नाही.

म्हणून बंद करू नका, दर आठवड्याचं बंद करा. महिन्याला एक भाग, तीन रविवार घरच्यांचे. आणि त्या एका रविवारी गाडी काढून कुठेतरी जाऊन बसा. तुमच्याच तालुक्यात तळेगाव रोही आहे. दत्तू भोकनळ तिथला, वडिलांबरोबर विहिरी खोदणारा, पाण्यासाठी वणवण असलेल्या गावातला मुलगा, सैन्यात गेल्यावर नाव वल्हवायला शिकतो, 2016 ला रिओ ऑलिंपिक खेळतो आणि 2018 च्या एशियन गेम्सला चौघांच्या नौकेत सोनं जिंकतो. रिओच्या वेळी आई आजारी होती. त्याच्याबद्दल बातम्या खूप झाल्या, मीही लिहिल्या. पण ज्या विहिरींवर त्याने काम केलं त्या अजून आहेत का, त्यात आता पाणी आहे का, सोबत खोदणारे कोण होते, गावात आज कुणी पोरगा वल्हं धरायचं म्हणतो का? मी पेपरात असताना चारशे शब्दांची जागा मिळायची, त्यात हे मावलं नाही आणि मी परत गेलोही नाही. कविता राऊतचं तसंच, 2010 च्या दिल्ली कॉमनवेल्थला 10,000 मीटरमध्ये ब्राँझ मिळालं तेव्हा हरसूलजवळच्या सावरपाड्याला सगळे कॅमेरे गेले, नंतर त्या रस्त्यावर कोण पळतंय ते बघायला किती जण गेले?

140 म्हणजे किती ते मी असं मोजतो, एसटीच्या तीन गाड्या भरून माणसं दर वेळी तुमचं ऐकायला येतात आणि शेवटपर्यंत उतरत नाहीत. तुमच्या आकड्यांच्या पानावर बघा, भाग शेवटपर्यंत ऐकणारे किती ते तिथे दिसतं. तो आकडा निम्म्याच्या वर असेल तर माणसं तुमची आहेत.

तळेगावला जाल तर एक दिवस आधी मेसेज टाका, मीपण येतो. दुसरा माईक माझ्याकडे आहे.